गाळणीत उरलेली टेटे

सोमवारी सकाळी आठ वाजता स्क्रीनवर पुन्हा अकराच आकडा उमटला आणि रेवा तांबट चरफडली. सदतीस दिवस तो दहा-बाराच्या मध्ये नुसता रेंगाळत होता. हवे होते वीस.

"झोप झाली का?" दारातून आवाज आला. केंद्राचे मानसशास्त्रज्ञ डॉ. मुतासा दोन्ही हातांत चहाचे मग घेऊन उभे होते. साठीचे, उंचपुरे, आणि कितीही वाईट बातमी असली तरी आधी चहा देणारे.

"हो, छान झाली," स्क्रीनवरची नजर न काढता रेवा म्हणाली.

"पुन्हा चुकलीस."

रेवाने जीभ चावली. झिंबाब्वेत येऊन तिला दीड वर्ष झालं होतं. इथे मुतारेत सकाळी कुणी 'झोप झाली का' म्हणून विचारलं, तर शोना माणूस नुसतं 'झाली' म्हणत नाही. तो म्हणतो, 'तुमची झाली असेल, तर माझी झाली.' मग समोरचा 'झाली' म्हणतो, आणि तेव्हा कुठे दोघांची रात्र पुरी होते. हे तिला पाठ होतं, पण घाईत तोंडातून तिच्या गावची मिरज बाहेर पडायचीच.

"तुमची झाली असेल, तर माझी झाली," तिने दुरुस्त केलं.

"माझी नाही झाली," मुतासा म्हणाले आणि काचेपलीकडे बघू लागले.

काचेपलीकडे युनिस झोपली होती. बावन्न वर्षांची, डोंगराकडच्या एका शाळेची मुख्याध्यापिका. घाटात बस उलटली, डोक्याला मार बसला. हाडं जुळली, श्वास स्वतःचा स्वतः चालू झाला, डोळे उघडत-मिटत होते. पण त्या डोळ्यांमागे कुणी आहे की नाही, ते सांगता येत नव्हतं. सांगायचं काम रेवाच्या यंत्राचं होतं.

आपण 'काल मी काय बोलले', 'लोक मला काय म्हणतील' असा स्वतःशी विचार करत असतो, तेव्हा मेंदूच्या मध्यरेषेवरचे काही भाग, एक कपाळामागचा, एक पाठीमागच्या बाजूचा, एका तालात काम करू लागतात. या शतकाच्या सुरुवातीपासून हे माहीत होतं. २०४३ साली नवी होती ती मोजायची टोपी. तिच्यात तांदळाच्या दाण्याएवढ्या दोनशे काचेच्या कुप्या होत्या, प्रत्येक कुपीत धातूची वाफ. मेंदूतल्या प्रवाहांचं इवलंसं चुंबकीय क्षेत्र त्या वाफेला जाणवे. दोन्ही भागांचा ताल किती जुळतो, यावरून शून्य ते शंभरमधला एक आकडा निघे. त्याला म्हणत स्व-अंक. धडधाकट माणसाचा साठ-सत्तर. चाळीस दिवस वीसच्या खाली राहिला, तर अहवालावर शिक्का पडे: 'व्यक्ती गैरहजर'.

या आकड्यात एक कटकट होती. खोलीत कुणी आलं की तो हले. आईने हात धरला की चढे, आई डबा आणायला गेली की उतरे. साऱ्या जगातले अभियंते हैराण झाले होते. त्यावरचा तोडगा रेवाने पुण्यात एम.एस्सी.च्या प्रबंधात काढला होता. खोलीतल्या माइक-कॅमेऱ्यांवरून आसपास कोण आहे, काय बोलतंय ते टिपायचं. त्यामुळे रुग्णाच्या लहरींत जो फरक पडतो तो वजा करायचा. उरेल तो शुद्ध 'स्व'. या गाळणीमुळे आकडा खडकासारखा स्थिर झाला. गाळणीला रेवाचं नाव मिळालं, आणि रेवाला चोविसाव्या वर्षी ही नोकरी.

"मज्जासेतू तयार आहे," मुतासा म्हणाले. "प्रयोगशाळेतून निरोप आला."

मज्जासेतू म्हणजे युनिसच्याच पेशींपासून वाढवलेली, केसाएवढ्या जाडीच्या तंतूंची जुडी. अपघातात तिच्या मेंदूच्या पुढच्या आणि मागच्या भागांना जोडणारे दोर तुटले होते; त्या जागी हा बसवायचा. पण तयार झाल्यावर तो चारच दिवस जगतो. म्हणजे शुक्रवारी दुपारी बारापर्यंत. आणि शस्त्रक्रिया अशी, की पाचातला एक रुग्ण टेबलावरच जायचा. म्हणून नियम होता: स्व-अंक वीस नसेल, तर मेंदू उघडायचा नाही. दोन्ही काठांवर वस्ती नसेल तर पूल बांधून करायचं काय?

"आणि शुक्रवारपर्यंत अकराचे वीस झाले नाहीत तर?" रेवाने विचारलं, उत्तर माहीत असून.

"तर घरी पाठवायचं. तुझ्या सहीनं."

*

घरी कळवायचं काम दोघांनी मिळून केलं. युनिसच्या धाकट्या भावाची बायको लवनेस दर सोमवारी येत असे. अडतीस वर्षांची, गोल चेहऱ्याची, बाजारात तयार कपड्यांचं दुकान चालवणारी बाई. तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "म्हणजे यंत्र म्हणतंय, टेटे गेली."

टेटे म्हणजे बापाची बहीण, आपली आत्या. घरातली सगळीच, लवनेससुद्धा, युनिसला टेटे म्हणत.

"गेल्या नाहीत," रेवा म्हणाली. "शरीर आहे. पण त्यांचा स्व सापडत नाही."

"सापडत नाही, की नीट शोधला नाहीत?"

"आम्ही फार काळजीपूर्वक..."

"हे बघ पोरी. माझी नणंद चिहेरा आहे. शावा कुळातली बाई. चिहेरा बाई दुसऱ्याचं ऐकून कुठं जाते होय? जायचं असतं तर आधी चार जणांशी भांडून गेली असती."

मुतासांना हसू आवरेना. लवनेसचे डोळे मात्र भरले होते. तिने मनगटाने चेहरा पुसला आणि एकदम ताठ बसली. "बरं. यंत्राचं खरं धरू. गेली म्हणताय ना? मग गेलेल्या नणंदेचं भावजयीनं जे करायचं असतं, ते मी उद्या करणार."

मुतासांचा चेहरा गंभीर झाला. "जिवंत माणसासमोर?"

"जिवंत आहे असं तुम्ही लिहून द्या, मी घरी बसते."

ती गेल्यावर मुतासांनी रेवाला समजावलं. शोना घरात नणंदेचा मान मोठा. भावजयीने तिच्यापुढे गुडघे टेकायचे, हातांची ओंजळ करून टाळ्या वाजवायच्या. पण त्याच भावजयीला एक मुभा असते, नणंदेची यथेच्छ खेचायची. आणि नणंद वारली की अंत्यविधीच्या गर्दीत भावजय तिचे कपडे अंगावर चढवते, तिची चाल, तिचा आवाज, तिच्या खोडी हुबेहूब करून दाखवते. रडणारी माणसं हसू लागतात. गेलेलं माणूस शेवटचं एकदा सगळ्यांमध्ये वावरून जातं.

"आणि जिवंतपणी केलं तर?"

"अशुभ. कुणी करत नाही." मुतासांनी मग उचलला. "उद्या घरच्यांनी जाब विचारला तर माझं नाव सांग."

*

मंगळवारी अकरा वाजता व्हरांड्यातून टाचांचा खट-खट-खट आवाज आला. बाहेर जॅकरँडाची जांभळी फुलं अंगणभर पडली होती आणि ती तुडवत लवनेस येत होती. पण ती लवनेस नव्हतीच. तपकिरी चर्चची टोपी, नाकाच्या शेंड्यावर चष्मा, काखेत पर्स, हातात लाकडी फूटपट्टी, आणि पायांत एका मापाने लहान असलेले काळे बूट. मान किंचित डावीकडे. पर्स अशी दाबून धरलेली, की जणू साऱ्या गावाचा डोळा तिच्यावरच आहे.

ती दारात थांबली. चष्म्यावरून रेवाकडे बघितलं.

"नाव?"

"रेवा..."

"पूर्ण नाव. शाळेत काय 'रेवा' म्हणून घातलंय?"

"रेवा तांबट, मॅडम."

"केस बांध. हे इस्पितळ आहे, न्हाणीघर नव्हे."

रेवाचे हात खरोखर केसांकडे गेले. मागे नर्सबाई तोंडावर रुमाल धरून थरथरत होत्या. लवनेस खाटेच्या काठावर बसली, फूटपट्टी मांडीवर ठेवली आणि युनिसच्याच आवाजात स्वतःलाच झापू लागली.

"आणि ही भावजय! लग्नाला सोळा वर्षं झाली, अजून चहात साखर किती ते कळेना. शाळा काढू का त्यासाठी? माझा भाऊ बारीक होता, त्याचं पिंप केलं हिनं. मी आहे म्हणून घर चाललंय. कोण म्हणतंय मी गेले? आं? गेले तर ही बया माझे बूट घालून मिरवेल, ठाऊक आहे मला!" तिने पाय वर करून बूट नाचवले. "बघ टेटे, घातलेत. हवेत तर उठ आणि काढून घे."

रेवाही हसत होती. हसता हसता सवयीने तिची नजर स्क्रीनवर गेली. अकरा.

मग नजर खाली घसरली.

स्क्रीनच्या तळाशी एक करडी पट्टी असे. 'वजा केलेला भाग'. गाळणी किती कचरा काढते आहे ते दाखवणारी. तिच्याकडे कधीच कुणी बघत नसे. एरवी नखाएवढी असायची. आत्ता ती चौकटीच्या वरच्या कडेला टेकली होती.

रेवाने गाळणी बंद केली.

चौतीस.

"थांबू नका!" ती ओरडली. "लवनेसबाई, थांबू नका! बोलत राहा!"

"मला हुकूम देणारी तू कोण?" लवनेस युनिसच्याच आवाजात म्हणाली.

छत्तीस.

*

बुधवारी दुपारपर्यंत रेवाने जेवण सोडून सगळं केलं. लवनेसच्या आवाजाचं रेकॉर्डिंग ऐकवलं: तेरा. नर्सबाईंकडून तीच वाक्यं म्हणवून घेतली: बारा. लवनेस लवनेस म्हणूनच शेजारी बसून बोलली: सतरा. आणि ती युनिस झाली की पस्तीस, सदतीस, अडतीस. दर वेळी.

आवाजाने हे होत नव्हतं. मग कशाने?

ती प्रयोगशाळेत एकटीच बसली, स्वतःच्याच डोक्यावर टोपी चढवली आणि गाळणी बंद ठेवली. एकसष्ट. दहा मिनिटं एकसष्टच. तेवढ्यात फोन वाजला. बाबा. एरवी 'कामात आहे' म्हणून कट केला असता. आज टोपीमुळे मान हलवता येत नव्हती, म्हणून तिने फोन स्पीकरवर टाकला.

"जेवलीस का?" मिरजेच्या सतारमेकर गल्लीतून आवाज आला.

"जेवणार आहे."

"म्हणजे नाही. यंदा भोपळे पातळ सालीचे आलेत, बघ. एक सतार उघडायला घेतली तर वरची तबलीच..." बाबांचं पुराण सुरू झालं. रेवाने समोर स्क्रीनकडे बघितलं. अडुसष्ट. त्र्याहत्तर. एकोणऐंशी. बाबा भोपळ्यांवर बोलत होते आणि मिरजेपासून समुद्रापार एका खोलीत तिचा स्व फुगत चालला होता.

फोनमागे कुणीतरी तार छेडली. तिच्यामागोमाग बारीक गुणगुण उठली.

"बाबा, ती खालची तरफेची तार वाजली ना आत्ता?"

"हो. वरची जुळवतोय."

"तरफ आपणहून वाजते, की वाजवली जाते?"

"आता हे काय नवीन? एवढं शिकून..." बाबा थांबले. मुलीने कामाचं काही विचारलं की ते नेहमी थांबून उत्तर देत. "वाजते तिची तीच. नाद तिचा, तार तिची. पण तिचा सूर कुणीतरी शेजारी लावावा लागतो. दुसरा सूर लावलास तर ढिम्म हलणार नाही."

"आणि कुणीच लावला नाही तर?"

"तर गप्प. म्हणून तिला तुटलेली म्हणशील का?"

रेवाने नाक ओढलं. शहात्तर, सत्त्याहत्तर असे आकडे समोर नाचत होते.

"काय गं? रडतेस?"

"नाही बाबा. एकदम भारी काहीतरी सापडलंय. संध्याकाळी फोन करते. खरंच करते."

टोपी तशीच डोक्यावर ठेवून ती मुतासांच्या खोलीत धावली. वायर मागे फरफटत होती.

"मी उलटं करत होते!" दारातूनच ती म्हणाली. "माणसाची माणसं वजा करायची आणि उरेल ते 'मी'. कांद्याची सालं काढून टाकून कांदा शोधत होते! सर, तो फरक म्हणजे गोंगाट नव्हता. तोच सिग्नल होता!"

मुतासांनी खुर्ची पुढे सरकवली. "बस. वायर तुटेल." मग आपल्या चष्म्याची काच पुसत राहिले. "हे मी तुला पहिल्या आठवड्यात सांगितलं होतं."

"तुम्ही म्हणाला होतात, स्व कवटीत मावत नाही. मला वाटलं, काव्य आहे."

"मी मानसशास्त्रज्ञ आहे गं. काव्य मला जमत नाही." ते हसले. "आणि आफ्रिका म्हणजे एक गाव नव्हे, हे लक्षात ठेव. घानात अकान लोक म्हणतील, रक्त आईचं, स्वभाव बापाकडून आलेला, प्राण देवानं दिलेला, आणि या सगळ्यांचा मिळून एक माणूस. इथे आम्ही वेगळं सांगू. पण एक गोष्ट पुष्कळांना मान्य आहे. मूल जन्मलं म्हणजे माणूस तयार झाला, असं नाही. इतर लोक त्याला हळूहळू माणूस करत नेतात आणि तोही त्यांना. ते काम कधी संपत नाही. मेल्यावरही लगेच नाही. नाव घेणारे आहेत तोवर चालू."

"मग एकटा माणूस म्हणजे कुणीच नाही?"

"आहे की. तू आत्ता एकटी बसली होतीस तेव्हा एकसष्ट होतीस. शून्य नव्हतीस. कारण तुझ्या आत मिरज आहे. युनिसच्या आतही गाव आहे, फक्त तिथं जायचा रस्ता तुटलाय. लवनेस बाहेरून हाक मारतेय."

रेवा भराभर लिहून घेत होती. अचानक तिचा हात थांबला.

"एकतीस," रेवा हळूच म्हणाली.

दीड वर्षांत तिच्या सहीने एकतीस जणांवर 'गैरहजर'चा शिक्का पडला होता. एकतीस जण घरी गेले होते.

"किती जण जिवंत आहेत अजून?" तिने विचारलं.

"मघाशी फाइल बघितली. एकोणीस," मुतासा म्हणाले. बाकीचे बारा घरीच वारले होते.

*

गुरुवारी तीन वाजता डॉ. चिक्वान्हा आल्या. केंद्राच्या संचालक, आणि शुक्रवारी सुरी त्यांच्याच हातात असणार होती. हातांवर त्यांचं इतकं लक्ष, की लोकांशी हस्तांदोलनही त्या बेतानं करत. त्यांनी सगळे ग्राफ बघितले.

"सुंदर," त्या म्हणाल्या. "पण पुरेसं नाही. ओळखीची व्यक्ती ओळखीच्या लकबीनं बोलली की मेंदू दचकतो. मालकाच्या पावलांनी कुत्र्याचाही दचकतो. हा प्रतिध्वनी आहे, रेवा. मी पाचातल्या एकाला टेबलावर गमावते. प्रतिध्वनीसाठी मी हे डोकं उघडायचं?"

"आज दोन टोप्या लावल्यात," रेवा म्हणाली. "एक युनिसना, एक लवनेसबाईंना. कोण कुणाच्या मागे चालतं ते दिसेल."

लवनेसने टोपीवर टोपी चढवली, वर तपकिरी, खाली काचेच्या कुप्यांची, आणि ती युनिस झाली. स्क्रीनवर दोन रेघा चालू लागल्या. निळी लवनेसची, तांबडी युनिसची. निळी वर गेली की दीड-दोन सेकंदांनी तांबडी वर जाई. निळी खाली, तांबडी खाली.

"बघ," चिक्वान्हा म्हणाल्या. "मागोमाग. प्रतिध्वनीच."

घड्याळात साडेतीन वाजले होते. लवनेसचा घसा बसत आला होता, नवीन काही सुचेना, म्हणून तिने पर्समधून वही काढली आणि फूटपट्टी खाटेच्या दांडीवर आपटली. "बसा खाली! हजेरी! तावांडा?"

"हजर, मॅडम!" मुतासा कोपऱ्यातून मुलासारखे ओरडले.

"चिपो?"

"हजर, मॅडम!" नर्सबाई.

"ताकुंडा?"

कुणीच बोललं नाही. खेळातले दोन्ही आवाज वापरून झाले होते.

"ताकुंडा गैरहजर!" लवनेसने वहीत फुली मारली.

तांबडी रेघ उसळली. निळी अजून सपाटच होती. तांबडी एकटी, आधी, निळीची वाट न बघता सरळ वर गेली. एकेचाळीस. पंचेचाळीस. आणि चादरीवर युनिसच्या उजव्या हाताचं पहिलं बोट एकदा वर आलं आणि खाली आपटलं. टक.

मग निळी रेघ दचकून उठली. लवनेसचा हात तोंडावर गेला होता.

"अगं बाई. चुकले मी."

"काय चुकलं?" रेवा आणि चिक्वान्हा एकदमच म्हणाल्या.

"टेटे अशी फुली कधीच मारत नाही! तेवीस वर्षांत मारली नाही. पोरगं नाही आलं, तर बाकावर त्याच्या शेजारी बसतं त्याला उभं करते. विचारते, कुठं आहे तो, काय झालंय, तू येताना त्याच्या घरावरून आलास का. शेजाऱ्याला विचारल्याशिवाय गैरहजर नाही. माझ्या नवऱ्याला पाठ आहे हे, सगळ्या गावाला पाठ आहे. विसरलेच मी."

रेवाने वळून चिक्वान्हांकडे बघितलं. "मला हे माहीत नव्हतं. डॉक्टर मुतासांना नव्हतं. यांच्या मेंदूत त्या क्षणी नव्हतं, निळी रेघ बघा, साडेतीन सेकंद मागे आहे. या खोलीत ते एकाच जागी होतं." तिने खाटेकडे बोट केलं. "प्रतिध्वनी चूक सुधारत नाही, मॅडम."

चिक्वान्हा स्क्रीनसमोर गेल्या. रेघा मागे नेऊन बघितल्या. पुन्हा मागे नेल्या. तिसऱ्यांदा बघताना त्यांचे ओठ नकळत हलत होते: ताकुंडा गैरहजर, एक, दोन, तीन.

"तुझी गाळणी चुकीची आहे, असं लेखी देशील?"

"दिलंय." रेवाने कागद पुढे केला. सकाळीच छापून ठेवला होता. खाली एकतीस नावं होती.

चिक्वान्हांनी तो शेवटपर्यंत वाचला. "यापुढे तुझ्या नावाची गाळणी कुणी वापरणार नाही."

"वापरू नये."

मग संचालकबाईंनी जे केलं ते रेवाने आधी कधी पाहिलं नव्हतं. त्या खाटेपाशी गेल्या, गुडघे किंचित वाकवले, जपून ठेवलेल्या त्या दोन हातांची ओंजळ केली आणि हलक्या टाळ्या वाजवल्या. "चिहेरा," त्या युनिसला म्हणाल्या, "उद्या सकाळी सातला भेटू."

*

सेतू शुक्रवारी सकाळी सव्वादहाला बसला. लवनेस सारा वेळ बाहेर व्हरांड्यात युनिसचे बूट घालून येरझारा घालत होती, खट-खट-खट, आणि कुणी बसा म्हटलं की चष्म्यावरून बघत होती.

तंतू रुजायला दिवस लागतात. पहिल्या आठवड्यात काही झालं नाही. दुसऱ्यात युनिसची नजर माणसांमागे फिरू लागली. रोज कुणी ना कुणी येत होतं: भाऊ, तिच्या हाताखालच्या शिक्षिका, चर्चमधली वैरीण, जुनी मुलं जी आता स्वतःच्या मुलांना घेऊन आली. रेवा गाळणी न लावता मोजत होती आणि आकड्याशेजारी आता एक नवा रकाना भरत होती: 'सोबत कोण होतं'. तो रकाना नसेल तर आकडा वाचायचाच नाही, असा तिने नियम केला होता. संध्याकाळी ती मिरजेला फोन करायची आणि बाबांना सगळं सांगायची. बाबा त्यांना कळेल तेवढं कळून घ्यायचे आणि जेवलीस का ते विचारायचे.

बाविसाव्या दिवशी सकाळी ती नेहमीप्रमाणे खाटेपाशी आली, ओंजळीने टाळ्या वाजवल्या आणि म्हणाली, "झोप झाली का, टेटे?"

गेले एकवीस दिवस ती हे विचारत होती आणि उत्तराची वाट न बघता टोपी बसवायला घेत होती. आज तिचे हात हवेतच थांबले. युनिसचे ओठ हलत होते. शब्द फार लांबून, एकेक पायरी चढत येत असावेत.

"तुझी... झाली... असेल... तर."

'झाली' म्हणायचं होतं रेवाला, रीतच तशी होती. पण नाकाच्या शेंड्यावर चष्मा नसतानाही ते डोळे चष्म्यावरून बघत होते. त्या डोळ्यांसमोर खोटं बोलायची तिची हिंमत झाली नाही.

"नाही झाली, टेटे."

"मग... माझीही... नाही. बस." श्वास. "माझे... बूट?"

खाटेच्या पायथ्याशी बसलेल्या लवनेसने दोन्ही पाय पटकन स्टुलाखाली ओढले. ती हसत होती, रडत होती, गुडघ्यांवर येऊन टाळ्या वाजवत होती, सगळं एकदमच.

"का... नाही... झोपलीस?" युनिसने रेवाला विचारलं.

रेवा बसली. तिने सगळं सांगितलं. गाळणी, अकरा, शिक्का, एकतीस नावं. एकोणीस अजून आहेत. परवा पहिल्या घरी जायचं आहे, डोंगरापलीकडे, आणि तिथे जाऊन काय बोलायचं ते तिला कळत नाही. तिने फाइल युनिसच्या पुढ्यात उघडली. पहिलंच पान: नाव, वय, स्व-अंक आठ, गैरहजर.

युनिसने बराच वेळ ते पान वाचलं. मग उजव्या हाताचं पहिलं बोट उचलून त्या शेवटच्या शब्दावर आपटलं. टक.

"बाकावर... शेजारी..." ती म्हणाली. दम घेतला. वर्गात कुणाची चूक निघाली की येत असावी तशी एक जुनी, करडी धार त्या आवाजाला आली. "कोण... बसायचं... विचारलंस?"

रेवाने खिशातलं पेन काढलं आणि त्या शब्दावर काट मारली.